रडलास ते ठीक, आता विटा मोज

चि. यास अनेक आशीर्वाद.

तुझं पत्र पोचलं. पत्र म्हणजे रात्री दीड वाजता व्हॉट्सअ‍ॅपवर टाकलेला तो लांबलचक मजकूर, पण मी ते पत्रच समजते. शिक्षकभरतीच्या पवित्र पोर्टलवरून नेमणूक झाली, शाळा वस्तीवरची मिळाली, निम्मी पोरं ऊसतोडीला जाणाऱ्या घरातली आहेत, आणि रुजू व्हायच्या आधी कुणीतरी ‘नॉट वन लेस’ हा चिनी चित्रपट बघायला सांगितला म्हणून तू तो बघितलास. बघून ढसाढसा रडलास. आता त्यातल्या वेई मिन्झी या पोरसवदा बाईंसारखं व्हायचं म्हणतोस.

रडलास याचं मला बरं वाटलं. शिक्षकाला रडू यायला हवं, नाहीतर दहा वर्षांनी माणूस नुसता माहिती भरणारा कारकून होतो. पण तू कुठे रडलास ते मी न विचारताच सांगते. टीव्ही स्टेशनवर ती पोरगी कॅमेऱ्यासमोर गप्प बसते, तोंडातून शब्द फुटत नाही, आणि मग एकदम डोळे भरून त्या हरवलेल्या पोराला विचारते, तू कुठे आहेस म्हणून. तिथे सगळेच रडतात, मीही रडले. मात्र तुझ्या कामाचं जे आहे ते या प्रसंगाच्या बरंच आधी येऊन जातं, आणि तिथे कुणी रडत नाही.

चित्रपट आहे १९९९ चा, दिग्दर्शक झांग यिमौचा. हबेई प्रांतातल्या डोंगराळ खेड्यातली मोडकळीला आलेली शाळा. गाओ गुरुजींना आजारी आईसाठी महिनाभर गावी जायचंय, बदली माणूस मिळत नाही, म्हणून गावचा प्रमुख दुसऱ्या गावातली तेरा वर्षांची पोरगी आणून उभी करतो. महिन्याचे पन्नास युआन ठरतात. शाळेचा पट गळत गळत अठ्ठावीसवर आलाय. गुरुजी जाताना तिला बजावतात, एकही पोर कमी होता कामा नये, तसं झालं तर वर दहा युआन देईन.

ती पोरगी सेवाभावाने आलेली नाही, हे आधी लक्षात घे. पैशासाठी आली आहे. गुरुजी निघतात तेव्हा माझे पैसे कोण देणार म्हणत ती मागे लागते. आपल्याकडे असा चित्रपट काढला असता तर पहिल्याच रिळात तिच्या डोळ्यांत ज्ञानाची ज्योत पेटवली असती! मला तिचं ते पैसे मागणं फार आवडलं. गाओ गुरुजींचाही कित्येक महिन्यांचा पगार थकलेला आहे, आणि ते तसं बोलून दाखवतात. तूही संकोच करू नकोस. शिक्षणसेवक म्हणून तीन वर्षं तुला महिन्याला १६ हजार मिळणार, त्यात खोलीभाडं आणि पेट्रोल. मानधन लांबलं तर मागायचं, लेखी मागायचं. पगार मागणारा शिक्षक पोरांवर कमी माया करतो असं कुठे लिहिलेलं नाही. उलट, मी त्यागमूर्ती म्हणून आलोय असं मनात धरून येणारे दुसऱ्या दिवाळीपर्यंत कंटाळतात आणि मग गावाला शिव्या देत बदलीच्या मागे लागतात.

दुसरी गोष्ट, वेई मिन्झी काही चांगली शिक्षिका नाही. फळ्यावर धडा उतरवते, पोरांना उतरवून घ्या म्हणते आणि दाराशी जाऊन बसते, कुणी पळू नये म्हणून. एक गाणं शिकवायला घेते, तेही तिला धड येत नाही. दिग्दर्शकाने हे झाकलं नाही, हा त्याचा प्रामाणिकपणा. तेव्हा तिच्यासारखं व्हायचं म्हणजे नक्की काय व्हायचं, ते आधी ठरव. हट्टीपणा घ्यायचा असेल तर घे. शिकवणं तिच्याकडून घेऊ नकोस.

शिकवणं घे ते विटांच्या प्रसंगातलं.

झांग हुइके नावाचं ते वांड पोरगं घरच्या कर्जापायी शहरात कामाला निघून जातं. त्याला आणायला जायचं तर बसचे पैसे हवेत. ती वर्गातल्या पोरांनाच विचारते, कुणाकडे किती आहेत. पुरत नाहीत. मग वीटभट्टीवर विटा उचलायच्या ठरतं. एका विटेला किती, तिकिटाला किती, म्हणजे विटा किती, सगळ्यांच्या वाट्याला किती, वेळ किती लागेल. बघता बघता फळा आकड्यांनी भरतो. जी पोरं कालपर्यंत बाकावरून उड्या मारत होती ती हिशेब चुकला की एकमेकांना अडवायला लागतात. गावचा प्रमुख बाहेरून डोकावतो आणि खूश होतो, पोरगी गणित शिकवतेय म्हणून! तिला स्वतःला पत्ताही नसतो की आपण शिकवतोय. तिला फक्त तिकिटाचे पैसे हवेत.

हा प्रसंग पुन्हा बघ. डी.एड.ला ‘अनुभवातून अध्ययन’ म्हणून जी पानंच्या पानं पाठ केलीस ना, ती सगळी या दहाएक मिनिटांत आहेत.

तुझ्या पोरांच्या विटा म्हणजे ऊस. एका कोयत्याला, म्हणजे नवराबायकोच्या जोडीला, दिवसाला साधारण किती टन तुटतो, टनाला चालू दर काय, मुकादमाचं कमिशन किती, हे तुला ठाऊक नसेल. पोरांना विचार, त्यांना तोंडपाठ असतं. मी एकदा फळ्यावर उदाहरण घातलं होतं: गाडीत दोन टन ऊस भरला, टनाला अमुक दर, तर पैसे किती? चौथीतल्या एका मुलीने हात वर केला. “बाई, घरून दोन टन निघतंय, पण काट्यावर दोन भरत नसतंय. पावणेदोन धरा.” सगळा वर्ग हसला, जाणत्या माणसासारखा. मग आम्ही दोन्ही गणितं केली, दोनाचं आणि पावणेदोनाचं. वजाबाकी आली तेव्हा तीच म्हणाली, हे वरचे पैसे कुणाला गेले तेबी लिहा की. पाव, अर्धा, पाऊण त्या वर्गाला मला नंतर वेगळं शिकवावं लागलं नाही. आणि ती वजाबाकी फळ्यावर ठेवून मी सुट्टीची घंटा दिली, कारण तिच्या प्रश्नाचं उत्तर पुस्तकात नव्हतं.

यात एक पथ्य पाळ. उचलीचं, म्हणजे मुकादमाकडून घेतलेल्या आगाऊ पैशांचं, गणित घालशील तेव्हा माणूस काल्पनिक ठेव. वर्गातल्या कुणाच्या बापाने किती उचल घेतली हे फळ्यावर कधी येऊ द्यायचं नाही. चित्रपटात ती पोरांचे खिसे सगळ्यांदेखत मोकळे करवते, तेरा वर्षांची आहे म्हणून तिला माफ. तुला माफी नाही. आणि विटांचा हिशेब फळ्यावरच ठेवायचा. तिथे पोरं खरोखर भट्टीवर जातात, विटा फोडतात, मालक ओरडतो, शेवटी हातावर थोडे पैसे टेकवतो. उरलेल्या पैशांत कोकच्या दोन बाटल्या की डबे घेऊन सगळा वर्ग एकेक घोट पितो, ते बघताना फार गोड वाटतं. पण पोरांनी भट्टीवर काम करणं म्हणजे बालमजुरी. तुझी अर्धी पोरं त्याच कामातून सोडवून बाकावर बसवायची आहेत.

खडूचा प्रसंग तुझ्या नजरेतून सुटला असेल. गाओ गुरुजी दिवसाला एक या हिशेबाने खडू मोजून देतात. मारामारीत ते पायाखाली तुडवले जातात. वर्गाची मॉनिटर असलेल्या मुलीची वही हुइके हिसकावतो आणि मोठ्याने वाचतो. त्यात तिने लिहिलेलं असतं की गाओ गुरुजी खडू चिमटीत धरता येईनासा होईपर्यंत वापरायचे, नव्या बाईंना त्याची किंमत नाही. तुझ्या शाळेत खडूंची ददात नसेल, किरकोळ खर्चाच्या सादिल अनुदानातून पेटी येते, उशिरा का होईना. पण पोरं तुझ्याबद्दलही रोज असं काहीतरी मनात लिहीत असणार. आधीचे गुरुजी कसे होते, हा कसा आहे. तू आल्या आल्या आधीच्या माणसाची पद्धत मोडीत काढू नकोस. प्रार्थनेनंतर ते गोष्ट सांगत असतील तर तूही सांग. महिनाभर तसंच चालव, मग हळूहळू आपलं घाल.

आता मुख्य काम. हुइके शहरात गेला तो एकटा. तुझ्याकडे दिवाळी झाली की टोळ्याच्या टोळ्या निघतील, ट्रक भरभरून. काही पश्चिम महाराष्ट्रात, काही थेट कर्नाटकात. कारखान्याचा पट्टा पडेपर्यंत, म्हणजे हंगाम संपेपर्यंत, मार्च-एप्रिलपर्यंत पोरं फडात. मोठी बहीण कोपीत, म्हणजे फडावरच्या झोपडीत, लहान्याला सांभाळते, दहा-अकराचा पोरगा वाढं, म्हणजे उसाचे शेंडे, बांधायला हाताशी येतो. वेई मिन्झी एकाला शोधायला वर्ग वाऱ्यावर सोडून जाते. तुला तसं जाता येणार नाही, मागे राहिलेल्यांचा वर्ग कोण घेणार? त्यामुळे तुझी शोधाशोध पोर निघायच्या आधी व्हायला हवी.

पाऊस उघडला की घरोघर फिर. कोण जाणार, कुणाबरोबर, कोणत्या मुकादमाच्या टोळीत, कोणत्या कारखान्यावर. सगळं वहीत. मुकादमाचा फोन नंबर घेच घे, आईबापाचा फोन फडात लागत नाही, मुकादमाचा लागतो. ज्या घरी आजी धडधाकट आहे तिथे आजीशी बोल, बापाशी नको. बाप “बघू” म्हणतो, आजी काय ते ठरवते. गावात मागे राहणाऱ्या पोरांसाठी शासनाची हंगामी वसतिगृहाची योजना आहे, तिचा प्रस्ताव शाळा व्यवस्थापन समितीच्या ठरावासह वेळेत गेला तरच पोरांच्या जेवणाची सोय होते. टोळ्या गेल्यावर प्रस्ताव पाठवणारे मुख्याध्यापक मी खूप पाहिले. तुझे मुख्याध्यापक तसे असतील तर कागद तू तयार करून त्यांच्यापुढे ठेव, सही तेवढी मागायची.

जी पोरं तरीही जातील त्यांना तिकडच्या शाळेत दाखवायचं शिक्षण हमी कार्ड भरून दे आणि ते कसं वापरायचं ते आईला समजावून सांग. कार्ड गाठोड्यात तळाला जातं आणि पट्टा पडल्यावर तिथूनच बाहेर निघतं. म्हणून तू त्या कारखान्याजवळच्या शाळेला स्वतः फोन कर. गुरुजी, अमुक टोळीत आमची इतकी पोरं आहेत, फडावर एक चक्कर मारा. २०१० पासून लागू झालेला शिक्षण हक्क कायदा सहा ते चौदाच्या पोराला जवळच्या शाळेत बसायचा हक्क देतो, आणि दाखला नाही या कारणावरून प्रवेश अडवता येत नाही. समोरचा कायदा ऐकून घेणार नाही कदाचित, पण एक मास्तर दुसऱ्या मास्तरला फोन करतोय म्हटल्यावर बहुतेक जण जातात. आणि ते पोर परत आलं की हजेरीत गैरहजेरीच्या लाल रेघांवरून टोमणा नको. त्याने पाच महिन्यांत पाहिलेलं जग वर्गासमोर मांडायला लाव.

मी ज्या प्रसंगासाठी हे पत्र लिहायला घेतलं तो आता सांगते. चित्रपटात पळण्यात तरबेज असलेली एक मुलगी आहे. शहरातल्या क्रीडाशाळेचा माणूस तिला न्यायला येतो. तिचं त्यात भलं आहे, हे सगळ्यांना दिसतं. वेई मिन्झी तिला लपवते. का? एक पोर कमी झालं तर दहा युआन जातील. मोजणी पोरासाठी होती ती फिरून मोजणीसाठी पोर झालं, आणि एवढंसं दृश्य असल्यामुळे कुणाच्या ध्यानात राहत नाही.

तुझ्या शाळेत हा मोह रोज तुझ्यापुढे उभा राहणार आहे. राज्यात वीसपेक्षा कमी पटाच्या शाळा चौदा हजारांच्या वर मोजल्या गेल्या होत्या. २०२३ मध्ये त्या एकत्र करून समूह शाळा करायचं घाटलं, तोरणमाळ आणि पानशेतच्या समूह शाळांचे दाखले दिले गेले. मार्च २०२४ च्या संचमान्यतेच्या, म्हणजे किती पटाला किती शिक्षक याच्या, निर्णयाने तर छोट्या शाळांतल्या शिक्षकांच्या पदांवरच गदा आणली. म्हणजे पटावर एकोणीस की एकवीस यावर तुझ्या सोबत्याची जागा ठरणार. अशा वेळी पाचवीतला एखादा हुशार पोरगा नवोदयला लागण्याजोगा असेल, तर त्याचा फॉर्म भरायचा विसरून जाणं फार सोपं असतं. कुणी विचारतही नाही. इंग्रजी शाळेच्या पिवळ्या गाडीत बसून गेलेलं पोर आपल्या हजेरीत वर्षभर चालू राहणंही सोपं असतं.

तू तसं करू नकोस. जो जाऊन पुढे जाणार आहे त्याचा फॉर्म तू स्वतः भर, तालुक्याला परीक्षेला तू घेऊन जा. वस्तीवरची शाळा बंद पडू नये म्हणून भांडायचं ते दुसऱ्या मुद्द्यावर: पहिलीच्या पोरीने ओढा ओलांडून पलीकडच्या गावात कसं जायचं? एक किलोमीटरच्या आत प्राथमिक शाळा हवी असं नियमच सांगतो. पावसाळ्यात त्या ओढ्याला किती दिवस पाणी असतं याची तारीखवार नोंद ठेव आणि समितीच्या ठरावाला जोड. खोट्या हजेरीपेक्षा अशा नोंदीची साहेबलोकांना जास्त पंचाईत होते.

टीव्हीचं तेवढं सांगते. हुइकेला शोधत शहरात आलेली वेई मिन्झी टीव्ही स्टेशनच्या फाटकाशी उभी राहून चष्मा घातलेल्या प्रत्येक माणसाला विचारते, तुम्हीच का स्टेशनचे मोठे साहेब? आत जायला ओळखपत्र नाही, म्हणून फाटकावरची बाई तिला हाकलते. अखेर साहेबांच्या कानावर जातं, कार्यक्रम होतो, पोरगा सापडतो, गाडीभर देणग्या येतात, रंगीत खडू येतात, प्रत्येक पोर फळ्यावर एकेक अक्षर लिहितं. हा सरकारचा उदोउदो की सरकारवर टीका, यावरून कान महोत्सवाशी बिनसलं आणि झांग यिमौने चित्रपट तिथून काढून घेतला. त्याच वर्षी व्हेनिसच्या महोत्सवात त्याला सुवर्णसिंह हा सर्वोच्च पुरस्कार मिळाला. माझ्या मते दोन्ही बाजू थोड्या थोड्या खऱ्या. शहराने मनात आणलं की सगळं होतं, असा शेवट कोणत्याही सरकारला गोडच वाटेल. पण त्यानंतर पडद्यावर पाटी येते: गरिबीपायी तिथे वर्षाला दहा लाख पोरं शाळा सोडतात, आणि मदत मिळून परततात ती शंभरातली पंधरा. उरलेली पंच्याऐंशी कुणाच्या टीव्हीवर आली नाहीत. दिग्दर्शकाने त्यांच्याबद्दल एक वाक्य लिहून विषय सोडला आहे. तुझी नेमणूक झाली आहे ती त्यांच्यासाठी.

तुझ्या हातात टीव्ही स्टेशन आहेच, मोबाईल. कोपीतलं पोर उचलून त्याचं रील टाकलंस तर एका रात्रीत दप्तरं येतील. दप्तरं घे, पण पोराचा चेहरा देऊ नकोस. दहावीत गेल्यावर तोच व्हिडिओ त्याच्या वर्गातली पोरं काढून त्याला चिडवतात. देणगीदाराला फोटो हवा असेल तर फळ्याचा पाठव, भिंतीचा पाठव, पोषण आहाराच्या नव्या कुकरचा पाठव. नाराज होतील, होऊ देत.

या चित्रपटातली पोरं आपापल्या नावानेच वावरतात, कुणी कसलेला नट नाही. गावचा प्रमुख खरोखरच गावप्रमुख होता, शहरातले काही प्रसंग लपवलेल्या कॅमेऱ्याने टिपलेत. तेव्हा तुझ्या पोरांना तो दाखवायला हरकत नाही, फक्त भाषा चिनी आहे, तर शेजारी उभं राहून तू मराठीत बोलत जा. कोकच्या ठिकाणी ती हसतील. विटांच्या ठिकाणी थांबव, फळ्यावर तीच बेरीज मांड आणि उत्तर त्यांच्याकडून काढून घे, मग पुढे लाव. एका तासात संपवायची घाई नको, दोन-तीन दुपारी घे.

रुजू झालास की मुख्याध्यापकांकडून गेल्या तीन वर्षांची दाखल-खारीज वही मागून घे आणि दिवाळीनंतर कोणती नावं दरवर्षी गळतात त्यांची यादी काढ. पोळ्याच्या आत ती मला पाठव. त्यातल्या दोन-तीन मुकादमांची घरं मला ठाऊक असतील, मी तिथवर येऊ शकते. गुडघे कुरकुरतात, पण फटफटीवर मागे बसता येतं अजून.

जेवण वेळेवर करत जा. पोरांची खिचडी तूही खा, त्यांच्याच पंगतीला.

तुझी,
बाई